प्रिय तामेर, तुमची कामगिरी खालावली आहे

मंगळवारी सकाळी रिफअत उस्तादांच्या मोबाइलवर पत्र येऊन पडलं, तेव्हा ते गच्चीवर कबुतरांना दाणे घालत होते. पत्र असं होतं: "प्रिय तामेर, गेल्या तीस दिवसांत तुमच्या वेबसाइटची कामगिरी खालावली आहे. जाहिरात पाहणारे कमी, आणि पाहून तिच्यावर क्लिक करणारे त्याहून कमी. येत्या तीस दिवसांत सुधारणा न दिसल्यास तुमची वेबसाइट आमच्या जाळ्यातून काढून टाकण्यात येईल आणि तिची जागा मोकळी करण्यात येईल."

उस्तादांनी ते दोनदा वाचलं आणि त्यांचं डोकंच फिरलं. कारण ही वेबसाइट गाण्याबजावण्याची नव्हती की पाककृतींची नव्हती. दुमियात शहरात आज कोण वारलं, जनाजा कुठल्या मशिदीतून निघणार, सांत्वनाला येणाऱ्यांसाठी मांडव कुठे आणि किती वाजेपर्यंत, एवढंच तिच्यावर असायचं. तिची कामगिरी खालावली म्हणजे काय? माणसं कमी मरतायत, असं ह्यांचं म्हणणं आहे का? की मरतायत, पण मन लावून मरत नाहीत? आरोग्य कचेरीत दफनाचे परवाने लिहिण्यात ज्या माणसाने चौतीस वर्षं घालवली, ज्याला त्यामुळेच सगळे उस्ताद म्हणत, त्याला आता कैरोतल्या कुठल्याशा कचेरीतलं मशीन मयतीचं काम शिकवणार!

आणखी दोन गोष्टी इथेच सांगून टाकतो, नाहीतर पुढचं काही कळायचं नाही. ज्याच्या नावाने पत्र आलं तो तामेर उस्तादांचा एकुलता एक मुलगा. वेबसाइट त्यानेच उभी केली होती. छोट्या वेबसाइटींना हे जाहिरातवाले जागा फुकट देत, आणि बदल्यात आपल्या पसंतीच्या जाहिराती तिथे चिकटवत. चार वर्षांपूर्वी रास अल-बरच्या रस्त्यावर तामेरची मोटारसायकल ट्रकखाली गेली. तो सव्वीस वर्षांचा होता. त्याच्या वेबसाइटवर त्याच्याही निधनाचं पान चढलं, आणि त्याखाली लोकांनी चारशे बारा निरोप लिहिले. त्यानंतरची सगळी मयतं उस्तादांनी आपल्या हाताने चढवली, पण ते एक पान त्यांनी कधी उघडलं नाही. छाती होत नव्हती, दुसरं काय.

ते खाली आले. त्यांची बायको नाहिद स्वयंपाकघरात मुलुखियाच्या भाजीची पानं खुडत बसली होती.

"अहो नाहिदबाई, आपली वेबसाइट काढून टाकतायत."

"टाकू देत. शेजारणींना तशीही माझ्याआधी बातमी असते."

"सगळी काढतायत. जागाच मोकळी करणार म्हणे."

तिचा हात थांबला. "तामेरचं पानसुद्धा?"

"सगळंच म्हटलं ना."

नाहिदने पानांची परात बाजूला सारली. चार वर्षांत त्या घरात मुलाचं नाव असं सरळ कुणी घेतलं नव्हतं. "अबू तामेर," म्हणजे तामेरचे वडील, अशी हाक मारून ती म्हणाली, "काय वाटेल ते करा. पण ते पान जाता कामा नये. मी सांगून ठेवते."

झालं. उस्तादांनी चपला घातल्या आणि ते सल्ला घ्यायला खाली उतरले. दुमियातमध्ये सल्ला घ्यायला लांब जावं लागत नाही. माणूस दारातून बाहेर पडला की सल्ला येऊन अंगावर आदळतो. तळमजल्यावर हाजी मतवल्लींचं पॉलिशचं दुकान. अख्खं शहरच पलंग-कपाटं बनवणारं. जो बनवत नाही तो पॉलिश करतो. समोर नाशिद डॉक्टर, म्हणजे औषधाचे दुकानदार. कोपऱ्यावर मोबाइल दुरुस्त करणारा वगीह. त्याला सगळे इंजिनिअर म्हणत, कारण तो इंजिनिअर होणार होता.

हाजींनी चहा मागवला आणि पत्र वाचून घेतलं. "सोपं आहे. नातेवाईक वाढवा."

"म्हणजे?"

"अहो, तुम्ही लिहिता, अमुक वारले, मागे पत्नी, तीन मुलं. तीन मुलं वाचायला किती वेळ लागतो? त्यांचे जावई घाला, व्याही घाला, कुवेतमधला मेहुणा घाला. माणूस मयताला ओझरतं बघतो, पण आपलं नाव आहे की नाही ते तीन-तीनदा शोधतो. शोधतोय तोवर डोळ्यापुढे जाहिरात!"

"हाजी, तुम्ही पॉलिशमध्ये कुठे वाया गेलात," नाशिद डॉक्टर म्हणाले. "पण हुद्देही घाला हो. नुसतं 'अहमद' लिहू नका, 'अभियंता अहमद, वीज खातं' लिहा. खातं दिसलं की अख्खं खातं बघायला येतं."

उस्तादांना ते पटलं. शिवाय कचेरीतला माणूस, यादी करायची म्हटली की त्याच्या अंगात बळ येतं. पुढच्याच मयताला, लाकूडवाले हाजी शलबी यांना, त्यांनी शहाण्णव नातेवाईक लावले. हुद्द्यांसकट. आणि काय सांगावं, संध्याकाळपर्यंत आकडे तिप्पट! जाहिरातवाल्यांचं पत्र आलं, "प्रिय तामेर, अभिनंदन, योग्य दिशेने वाटचाल!" उस्तादांना चांगलं वाटलं, आणि चांगलं वाटल्याची मग दिवसभर लाज वाटत राहिली.

दुसऱ्या दिवशी दारावर लाथा बसल्या. हाजी शलबींची थोरली मुलगी उभी. काळा बुरखा, डोळे लाल, हातात मोबाइल.

"रिफअत उस्ताद तुम्हीच ना? माझ्या बापाच्या मयतात त्या नालायकाला जावई केलंत?"

"बाई, कुणाला?"

"सहा वर्षं झाली तलाक होऊन! सहा! आणि इथे काय लिहिलंय? 'मयतांचे लाडके जावई'! लाडके! माझा बाप कबरीत उठून बसला असेल!"

"बाई, माफ करा, माझ्याकडे जुनी यादी..."

"आणि हे काय?" तिने मोबाइल त्यांच्या नाकाला लावला. बापाच्या फोटोखाली पलंगाची जाहिरात होती. मोठा सोनेरी पलंग, आणि वर अक्षरं: नव्या संसाराची सुरुवात आमच्याकडून. "हे दुकान कुणाचं आहे माहीत आहे? त्याचंच! किती खाल्लंत त्याच्याकडून?"

जाहिराती मशीन लावतं, आपल्या हातात काही नसतं, हे उस्तादांनी तिला समजावून पाहिलं. पण एखाद्या बाईला बापाच्या मांडवातून उठून यावं लागलं असेल तर तिला मशीनबद्दल काही सांगू नये. ती जिना उतरेपर्यंत बोलत होती, आणि जिन्यात माणसं ऐकत होती. दोन दिवसांत कॉफीवाल्याकडे उस्तादांना नवीन नाव पडलं: मयतांचा दलाल. तोंडावर कुणी म्हणायचं नाही. नुसती खुर्ची सरकवून द्यायचे आणि एकमेकांकडे बघायचे. चौतीस वर्षं ज्याने एका परवान्यामागे चहासुद्धा घेतला नाही, त्याला हे ऐकावं लागलं. ते घरी येऊन भिंतीकडे तोंड करून झोपले. नातेवाईक पुन्हा पत्नी आणि तीन मुलांवर आले आणि आकडे होते तिथे जाऊन बसले.

वीस दिवस उरले. वगीह म्हणाला, "अबू तामेर, असं चाचपडून नाही चालत. हे लोक मोजतात कसं ते आधी बघू." त्याने आपल्या दुकानातल्या पडद्यावर तक्ता उघडला. कुठल्या पानावर कोण आलं, किती वेळ थांबलं, जाहिरात डोळ्यापुढे आली का, दाबली का, सगळं रकान्यांत. "हे बघा. शलबी, अकरा सेकंद. परवा वारल्या त्या मास्तरीणबाई, नऊ सेकंद. माणूस येतो, मांडवाची वेळ बघतो आणि पळतो."

"आणि हे काय?"

एका रकान्यात चाळीस मिनिटं लिहिलं होतं.

वगीहने मान पुढे केली आणि मग खुर्ची जरा मागे घेतली. "हे... हे तामेरचं पान आहे."

रोज. शुक्रवार नाही, ईद नाही, रोज. सकाळी अकराला कुणीतरी यायचं, चाळीस मिनिटं थांबायचं, जाताना एकच जाहिरात दाबायचं आणि जायचं. गेली चार वर्षं. एकच यंत्र, दुमियातलंच.

उस्तादांनी स्टूल पडद्याजवळ ओढलं. चार वर्षं त्यांना वाटत होतं की मुलाला सगळे विसरले. त्यांनी स्वतःच शहराला तशी सोय करून दिली होती, घरात नाव नाही, दारात नाव नाही. आणि इथे कुणीतरी रोज येऊन बसतंय!

बातमी पॉलिशच्या दुकानात पोचायला पाच मिनिटं लागली. "मुलगी आहे," हाजी मतवल्लींनी ब्रश खाली ठेवून सांगितलं. "शंभर टक्के मुलगी. पोराने आपल्याला सांगितलं नसणार."

"चोरही असू शकतो," नाशिद डॉक्टर म्हणाले. "जाहिराती दाबायला भाड्याने माणसं मिळतात, मी वाचलंय."

"चोर चाळीस मिनिटं बसेल का, डॉक्टर? तुमच्या दुकानात कधी बसला का?"

उस्तादांना मनातून ती मुलगीच असायला हवी होती. त्या आठवड्यात ते रोज अकराला वगीहकडे जाऊन बसत. पडद्यावर एक हिरवा ठिपका लागायचा: या क्षणी एक वाचक. ते त्या ठिपक्याकडे बघत बसायचे, आणि तो विझला की उठायचे. नाहिदला काही सांगितलं नाही. उगाच तिच्या जखमेवरची खपली काढायची नाही, असा त्यांचा समजूतदार विचार.

मग दुसरं पत्र आलं. "प्रिय तामेर, तुमच्या एका पानावर एकाच यंत्रावरून दररोज जाहिरात दाबली जात असल्याचं आढळलं आहे. हा लबाडीचा प्रकार आहे. सात दिवसांत खुलासा करावा, तसंच खातेदाराने आपली ओळख पटवून द्यावी. अन्यथा गुरुवारी बारा वाजता जागा मोकळी करण्यात येईल."

खातेदाराने ओळख पटवून द्यावी! उस्तादांनी कैरोला फोन लावला. बत्तीस मिनिटं संगीत ऐकल्यावर यारा नावाची मुलगी आली. गोड आवाज होता.

"सर, खातं तामेर सरांच्या नावावर आहे, तेव्हा त्यांनीच यायला हवं. फोन चेहऱ्यासमोर धरायचा, मान डावीकडे, मग उजवीकडे, मग डोळे मिटून उघडायचे. दोन मिनिटांचं काम."

"मुली, तो वारला."

"सॉरी सर. मग ते साधारण कधी उपलब्ध होतील?"

तिच्या लक्षात आलं असावं, कारण आवाज एकदम बारीक झाला. "सर, मला खरंच वाईट वाटतं. पण माझ्याकडे त्यासाठी रकानाच नाहीये."

ह्यावर दुसरा कुणी ओरडला असता. उस्तादांना ओरडता येईना. रकाना नाही, हे वाक्य त्यांनी स्वतः खिडकीच्या आतून किती जणांना ऐकवलं होतं! शाई निळी आहे म्हणून एका रडणाऱ्या बापाला त्यांनी परत पाठवलं होतं, तेही दुपारच्या उन्हात. "मृत्यूचा दाखला पाठवला तर?" त्यांनी हळूच विचारलं. ती म्हणाली, पाठवून बघा सर.

दाखला घरी होता, कपाटातल्या पत्र्याच्या डब्यात. म्हणून त्या दिवशी उस्ताद वगीहकडे न थांबता अकराच्या सुमाराला घरी परतले. इतकी वर्षं ह्या वेळी ते कॉफीवाल्याकडे असायचे. किल्लीने दार उघडलं. आत पुटपुटल्याचा आवाज येत होता.

तामेरच्या खोलीचं दार उघडं होतं. नाहिद त्याच्या पलंगाच्या कडेला बसली होती. डोक्याला बाहेर जायचा काळा रुमाल बांधलेला, पायांत चांगल्या चपला, मांडीवर तामेरचा जुना टॅब. ती फातिहा म्हणत होती. म्हणून झाल्यावर तिने तोंडावरून हात फिरवला आणि बोटाने पडद्यावरचा पलंग दाबला, जाहिरातीतला.

"नाहिद, हे काय करतेस?"

ती दचकली, पण टॅब काही लपवला नाही. "भेटून येते. तिकडे कबरस्तानात दोन गाड्या बदलायच्या, वर तो चढ, माझे गुडघे राहिलेत का?"

"आणि ते दाबलंस काय?"

"रहमा." असं काय विचारता, असा तिचा चेहरा. "कबरीवर गेलं की आपण गोड पाव वाटतो ना, कुराण म्हणणाऱ्याला, तिथल्या गरिबांना? रिकाम्या हाताने कुणी येतं का मुलाच्या कबरीवरून? इथे कुणाला वाटू? तामेरच मला म्हणाला होता, आई, हे एकदा दाबलं की कुणाला तरी दोन पैसे पोचतात. म्हणून रोज एकदा दाबते. एकदाच हं. कधी दोनदा नाही दाबलं. कुणाला पोचतं ते अल्लाला माहीत."

उस्ताद मुलाच्या खुर्चीवर बसले. त्यांना हसू येत होतं. मनातली ती मुलगी गेली, आणि तिच्या जागी ही बसलेली. चार वर्षं एका छपराखाली राहून ही रोज रुमाल बांधून मुलाला भेटायला जाते, आणि आपण कोपऱ्यापर्यंत चालत तिचा ठिपका बघायला जातो!

तरी सांगणं भागच होतं. "नाहिद, ते म्हणतात ही लबाडी आहे. चोरी."

"चोर? मी?" तिचं तोंड पांढरं पडलं. "मी त्याच्या नावाने दान करत होते हो. म्हणजे माझ्यामुळे जाणार पान? माझ्या हाताने?"

"तुझ्यामुळे नाही गं."

"माझ्याच मुळे."

त्या दुपारी उस्तादांनी आयुष्यातला सर्वांत चांगला अर्ज लिहिला. विषय, संदर्भ, मुद्दे क्रमांक एक ते सात. मुद्दा चार असा: सदर वाचक ही मयताची जन्मदाती असून क्लिक करण्यामागे लबाडीचा हेतू नसून पुण्याचा हेतू आहे. सोबत दाखला जोडला. हाजींनी वाचून डोळे पुसले, नाशिद डॉक्टरांनी एक स्वल्पविराम बदलला. आता दगडालाही पाझर फुटेल, असं सगळ्यांचं मत पडलं.

उत्तर बुधवारी आलं. "प्रिय तामेर, खुलाशाबद्दल आभार. आपण पाठवलेल्या कागदावर आपला चेहरा स्पष्ट दिसत नाही, त्यामुळे ओळख पटू शकली नाही. सदर वाचकाने यापुढे आपल्या वेबसाइटवर येऊ नये याची दक्षता घ्यावी. निर्णय कायम आहे."

वगीहने पान उतरवून घ्यायचा प्रयत्न केला. मयतीची सूचना उतरली, पलंग उतरला, पण निरोप काही उतरेनात. ते म्हणे जाहिरातवाल्यांकडेच राहतात. "काळजी नको," तो म्हणाला. "उद्या रात्री बारापर्यंत मुदत आहे. दुपारच्या नमाजानंतर दुकान बंद करून येतो आणि एकेका निरोपाचा फोटोच काढतो. चारशे बारा तर चारशे बारा." बारा म्हणजे रात्रीचे बारा, असं सगळेच धरून चालले होते. सरकारी मुदत नेहमी दिवस संपताना संपते, हे उस्तादांनीच छातीठोक सांगितलं होतं.

गुरुवारी अकराला नाहिदने रुमाल बांधला. खोलीच्या दारात थांबून तिने विचारलं, "येताय?"

उस्तादांनी कोट घातला. घरातल्या घरात, पण घातला. दोघं मुलाच्या पलंगावर बसले आणि चार वर्षांत पहिल्यांदा उस्तादांनी ते पान पाहिलं. फोटोत तामेर हसत होता, आणि त्याच्या बगलेशी तो सोनेरी पलंग. ते मोठ्याने वाचू लागले. बहुतेक निरोप एकच होते: त्याचं उरलेलं आयुष्य तुम्हाला लाभो. पण मधूनच एखादा वेगळा निघायचा. रास अल-बरचा एक मासेवाला लिहीत होता, हा मुलगा माझ्याकडे उभ्या उभ्या खायचा, बस म्हटलं की हसायचा. शाळेतला एकजण लिहीत होता, परीक्षेत त्याने मला उत्तर दाखवलं, ते चूक निघालं, आम्ही दोघं नापास झालो. उस्तादांना हे काहीच माहीत नव्हतं. नापास झाल्याचंही! ते थांबत, चष्मा पुसत, पुन्हा वाचत. नाहिद नुसती ऐकत होती.

"दोनशे सदतीस," ते म्हणाले. "'अबू तामेर, मी तुमच्या मांडवात तीनही दिवस आलो होतो, पण तुम्ही माझ्याकडे...'"

पडदा पांढरा झाला. मधोमध एक ओळ आली: ही जागा उपलब्ध आहे.

बाहेर दुपारचे बारा वाजले होते.

उस्तादांनी टॅब हलवला, दाबला, थोपटला. सज्जात धावत जाऊन त्यांनी वगीहच्या नावाने अशी हाक मारली की हाजींच्या दुकानातली माणसं रस्त्यावर आली. वगीह तसाच पळत वर आला, टॅब हातात घेतला, दोन मिनिटं खटपट केली आणि बघत राहिला. "गेलं, अबू तामेर," तो म्हणाला. त्याला रडू फुटलं, तेव्हा नाहिदनेच त्याला पाणी दिलं आणि घरी जा म्हणाली.

उस्ताद परत येऊन पलंगावर बसले. म्हातारा माणूस ओक्साबोक्शी रडत होता. "माझंच चुकलं. पहिल्याच दिवशी उघडायला हवं होतं. चार वर्षं होती माझ्याकडे, नाहिद, चार वर्षं! आणि निम्म्यावर..."

नाहिदने टॅब त्यांच्या हातातून काढून उपडा ठेवला.

"कितीवर होतो आपण?"

"दोनशे सदतीस. तीनही दिवस आलो होतो, म्हणत होता कुणीतरी."

"'...पण तुम्ही माझ्याकडे पाहिलं नाहीत, म्हणून इथे लिहितो. तुमचा जुना शिपाई, अब्दुल मुन्इम,'" नाहिद म्हणाली. ती समोरच्या भिंतीकडे बघत होती. "दोनशे अडतीस. मन्सूराहून हिशाम. त्याचं उरलेलं आयुष्य तुम्हाला लाभो. दोनशे एकोणचाळीस, तेच, पण 'आयुष्य' चुकीचं लिहिलंय. दोनशे चाळीस, नाव नाही. 'मी ह्या मुलाला ओळखत नाही. पलंग बघायला आलो होतो. फोटो बघून थांबलो. अल्ला त्याच्यावर रहम करो.'"

उस्तादांनी कोटाच्या बाहीने नाक पुसलं आणि तिच्याजवळ सरकून बसले.

"पुढे?" ते म्हणाले.

"दोनशे एक्केचाळीस," नाहिद म्हणाली.